चाळीस ओहम

पंचनाम्यात लिहिले आहे: "दि. ११ एप्रिल रोजी सकाळी साडेदहाच्या सुमारास तिसगाव शिवारात पांढऱ्या चारचाकी वाहनाच्या इलेक्ट्रॉनिक यंत्रणेतील संपर्क तुटल्याने ब्रेक निकामी होऊन, रस्त्याच्या कडेने पायी जाणारा इसम नामे कचरू, वय ५८, धंदा मजुरी, हा वाहनाखाली सापडून जागीच मयत झाला. वाहनात चालकाव्यतिरिक्त कोणी नव्हते. चालकाचा दोष दिसून येत नाही."

इतक्या आत्मविश्वासाने लिहिलेले गद्य सावकाश वाचावे. कचरूचा धंदा मजुरी नव्हता. पाथर्डी रस्त्यावरच्या पत्र्याच्या शेडात तो तीस वर्षे मोटारींचे वायरिंग करीत होता. पण बौद्धवाड्यातल्या माणसाच्या नावापुढचा हा रकाना भरताना जमादार राधाकृष्ण यांना विचार करावा लागत नाही. हात आपोआप चालतो. ब्रेकचे म्हणाल, तर पायाखालच्या पेडलपासून चाकापर्यंत नळीतून तेल जाते. इलेक्ट्रॉनिक यंत्रणा फक्त चाक जाम होऊ देत नाही. ती मुकी झाली तर समोर एक पिवळा दिवा लागतो आणि ब्रेक पूर्वीसारखेच लागतात. शिवाय ही ब्रेक नसलेली गाडी त्याच सकाळी तिच्या मालकाने, अजिनाथशेठने, चार किलोमीटर चालवत आपल्या वस्तीवर नेली. जमादार मोटारसायकलवर तिच्या पुढे होते. ज्या गाडीला ब्रेक नाहीत तिच्या पुढे मोटारसायकल चालवण्याइतका विश्वास माणूस कशावर ठेवतो, हे पंचनाम्यात नाही. आणि शवविच्छेदनात टायरचे माग तीन आहेत: एक कमरेवर, दोन छातीवर. अपघात एकदाच होतो.

राहिले एक विधान. वाहनात चालकाव्यतिरिक्त कोणी नव्हते. तेवढे मात्र त्या वेळी वाचणाऱ्यांपैकी कोणालाच खोटे वाटले नाही, सीमालाही नाही.

सीमा कचरूची शिष्या. नवरा वारल्यावर बारा वर्षांपूर्वी ती शेडात झाडलोट करायला आली आणि वर्षभरात सोल्डरिंगची कांडी धरून बसली. कचरूतात्याने तिला दोन गोष्टी शिकवल्या. एक, स्कॅनर लावण्याआधी मीटर लावायचा. गाडीतले इंजिन, ब्रेक, एअरबॅग अशा प्रत्येकाचे एक छोटे कॉम्प्युटर, म्हणजे मोड्यूल, असते आणि ती सगळी पिळाच्या दोन तारांवरून एकमेकांशी बोलतात. त्या तारांच्या दोन्ही टोकांना एकशेवीस ओहमचा एकेक रोध, म्हणजे रेझिस्टर, असतो; बॅटरी सोडून मोजले की दोन्ही मिळून साठ ओहम दिसतात. साठ दिसले तर तारा धड आहेत. एकशेवीस दिसले तर कुठेतरी तार तुटली आहे. दुसरी गोष्ट, स्कॅनरवर दिसणारा बिघाडाचा कोड एकदा पुसून भागत नाही. पुसायचा, चावी काढायची, पेलाभर पाणी प्यायचे, पुन्हा चावी लावायची. असे तीनदा. तिन्ही वेळा परत आला तो कोड खरा.

तिसरी गोष्ट त्याने शिकवली नव्हती. ती त्याची खोड होती. स्कॅनर मांडीवर घेऊन तो शेजारच्या सीटवर बसे तेव्हा, गाडी शेडातच उभी असली तरी, सीटचा पट्टा लावी. कधीकाळी गिअरमध्ये राहिलेली एक जीप शेडातच झेपावली होती आणि त्यात त्याचे पुढचे दोन दात गेले होते. गिऱ्हाइके चेष्टा करीत.

"तात्या, पट्टा लावून कुठं निघाले? तिकीट काढलं का?"

"काढलंय," तो दात नसलेल्या जागेतून हसून म्हणे, "परतीचं बी काढलंय." मग खट्कन पट्टा अडकवून तो सीमाला सांगे, "हां, आता चालव."

मार्चमध्ये बेलापूरच्या एका शिक्षकाने आपली चेचलेली गाडी टेम्पोत घालून आणली. ती त्याने अजिनाथशेठच्या जुन्या गाड्यांच्या दुकानातून घेतली होती. समोरासमोर धडक झाली, एअरबॅग उघडल्या नाहीत, बायको गेली. कचरूने डॅशबोर्ड उघडला. एअरबॅगच्या जागी बोटाच्या पेराएवढा रेझिस्टर जोडलेला होता. त्याच्यामुळे गाडीला सगळे ठीक वाटत होते आणि दिवा लागत नव्हता.

"गाडीला खोटं बोलता येत न्हाई, शिमे," तो म्हणाला. "हे मानसानं तिच्या तोंडात घातलंय."

चौदा एप्रिलचा उत्सव आटोपून, पुढच्या सोमवारी, नगरच्या ग्राहक न्यायालयात तो साक्ष देणार होता. उत्सवाच्या तीन दिवस आधी, अकरा तारखेला, तो गाडीखाली गेला.

आता त्या पांढऱ्या गाडीत खरोखर बिघाड होता असे एखाद्या जाणकाराने लिहून द्यायला हवे होते, आणि अजिनाथशेठने जाणकार निवडला तो मयताच्याच शेडातला. या निवडीत एक हिंस्र हुशारी होती. मेलेल्याच्या शिष्येची सही असल्यावर शंका कोण घेणार? शेडाची जागा अजिनाथशेठच्या चुलत्याची होती, हेही हिशोबात होतेच. जमादारांनी गाडी, पंचनाम्याच्या प्रतीसह, सतरा तारखेला सकाळी आणून सोडली.

"बाई, संध्याकाळपर्यंत सही पायजे," ते म्हणाले. "बिघाड आधीचा हाय, येवढंच लिवायचं."

"बघून लिहिते, साहेब."

"बघायचं काय त्यात? शेठ शाना मानूस हाय. तुमी बी शान्या हा."

ते गेल्यावर सीमाने बॉनेट उघडले. पुढचा बंपर धुतलेला होता, पण पंख्याच्या जाळीत धोतराचा दोरा अडकला होता. तो तिने चिमट्याने काढून कागदात ठेवला. मग बॅटरीची निगेटिव्ह सोडली, टोक फडक्यात गुंडाळून मडगार्डवर ठेवले आणि स्टेअरिंगखालच्या सॉकेटात मीटर लावला. एकशेवीस. तुटलेली तार तिला ब्रेकच्या मोड्यूलपाशी सापडली. झिजलेली नव्हती, उंदराने खाल्लेली नव्हती. पकडीने, एका दाबात, स्वच्छ कापलेली होती. तिने ती जशी होती तशी मोबाईलमध्ये टिपून घेतली, मग बॅटरी लावून स्कॅनर जोडला. 'ब्रेक मोड्यूलशी संपर्क तुटला' हा कोड होता, आणि कोड नोंदला तेव्हाचे किलोमीटरही होते: ४८,३१६. जमादारांनी घटनास्थळी पंचनाम्यात उतरवलेला आकडा ४८,३१२. म्हणजे माणूस मेल्यानंतर, चार किलोमीटर पुढे, वस्तीवर, तार कापली गेली होती.

इथपर्यंत सगळे सरळ होते. तिने अहवाल लिहिला. प्रत्येक आकडा दोनदा तपासला. मग, दुरुस्तीशिवाय गाडी परत द्यायची नाही या शेडाच्या रिवाजाने, तार जोडली, बॅटरी पुन्हा सोडली आणि मीटर लावला.

चाळीस.

तिने मीटरच्या दोन्ही सुया एकमेकींना टेकवल्या. शून्य. मीटर बरोबर होता. पुन्हा लावला. चाळीस.

चाळीस ओहमचा अर्थ एकच होतो: तारेला तिसरे टोक आहे. कोणीतरी आणखी जोडलेले आहे.

तिने एकेक मोड्यूल सोडायला सुरुवात केली. इंजिनाचे सोडले. साठ. डॅशबोर्डचे सोडले. दोन्ही टोकांचे रोध या दोघांच्याच आत असतात; आता तारेवर एकही उरला नव्हता. मीटरने काहीच दाखवायला नको होते. तो एकशेवीस दाखवत राहिला. ब्रेकचे, एअरबॅगचे, दारांचे, सगळी मोड्यूल काढून तिने सतरंजीवर ओळीने मांडली. दुपारचा एक वाजला होता. शेडाचा पत्रा तापून तडतडत होता. रिकाम्या तारांच्या दुसऱ्या टोकाशी कोणीतरी शांतपणे बसून होते.

तिने बॅटरीसकट सगळे परत जोडले. स्कॅनरच्या यादीत एक नाव जास्त आले. म्हणजे नाव नव्हते, नावाची जागा कोरी होती. त्या कोऱ्या जागेपुढे कोड होता: संपर्क तुटला. किलोमीटर ४८,३१२.

पद्धत हातात होती. तिने कोडची नोंद उघडली. वेग ६८, पुढे. अ‍ॅक्सिलरेटर पूर्ण. ब्रेक शून्य.

पुसला. चावी काढली. माठातले पेलाभर पाणी प्याली. चावी लावली.

कोड परत आला. किलोमीटर तेच. वेग ७. गिअर रिव्हर्स. ब्रेक शून्य.

पुसला. चावी काढली. पेलाभर पाणी प्याली. चावी लावली.

कोड परत आला. वेग १४, पुढे. ब्रेक शून्य. त्याखाली एक ओळ अधिक होती, जी आधीच्या दोन नोंदींत नव्हती. शेजारची सीट: भरलेली.

सीमाने मान वळवली. ती स्वतः चालकाच्या सीटवर होती. शेजारची सीट रिकामी होती. फक्त तिच्या कापडावर, कोणी बसल्यावर पडतो तसा, खोलगट दाब पडला होता.

ती उतरली, बॅटरीची निगेटिव्ह सोडून मडगार्डवर ठेवली आणि अहवालाशेजारी उभी राहिली. संध्याकाळी यायचे ते जमादार आणि अजिनाथशेठ दुपारी तीनलाच आले.

अजिनाथशेठने अहवाल उभ्यानेच वाचला. ४८,३१६ या आकड्यावर त्याचे बोट थांबले.

"हे काय लिवलं?"

"जे गाडीनं सांगितलं ते."

"गाडी सांगती व्हय? कचऱ्यानं शिकिवलं हे? कचऱ्या गेला गटारात. त्याच्यामागं जायाचंय का तुला?" त्याने कागदाचे चार तुकडे केले. "नवा लिही."

"न्हाई लिहिणार."

तिचा डावा हात उघड्या बॉनेटखालच्या कडेवर टेकलेला होता. अजिनाथने ते पाहिले. मग त्याने बॉनेट दोन्ही हातांनी धरून खाली आपटले. हाड मोडल्याचा आवाज जमादारांनीही ऐकला. ते भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहू लागले. बॉनेट उचलून अजिनाथने पुन्हा आपटले. दोन बोटे उलटी वळून लोंबू लागली.

"उजवा हात सहीला ठिवलाय," तो म्हणाला.

सीमा गुडघ्यावर बसली. "घेऊन जा गाडी," ती म्हणाली. "फोटू काढल्यात. नगरला पाठवल्यात."

शिवी हासडून तो गाडीत बसला, दार ओढले, चावी लावली. सीमाला सांगायचे होते की बॅटरी सोडलेली आहे. टोक अजून फडक्यात, मडगार्डवर होते.

चारही दारांची कुलपे एकदम खाली बसली.

अजिनाथने डावीकडे पाहिले.

इंजिन सुरू झाले नव्हते. शेडात पत्र्याखेरीज कशाचाच आवाज नव्हता. तरी गाडी वीतभर पुढे सरकली. खाली सपाट कोबा होता. पुढचे चाक काहीतरी चढल्यासारखे वर उचलले गेले, क्षणभर थांबले, आणि धप्पकन उतरले. मग मागचे.

अजिनाथचे डोके काचेवर आपटले. काचेवर लाल ठसा उमटला. त्याचे दोन्ही हात स्टेअरिंगवर होते आणि ते सुटत नव्हते.

गाडी मागे आली. चाक पुन्हा चढले, उतरले.

"साहेब, दार!" तो ओरडत होता. "दार तोडा!"

जमादारांनी जॅकची दांडी काचेवर घातली. काच फुटली नाही. दांडी हातातून उडून त्यांच्याच कपाळावर बसली.

गाडी तिसऱ्यांदा पुढे आली. या वेळी चाक वरच थांबले. फार वेळ. आत अजिनाथ रिकाम्या सीटकडे तोंड करून हात जोडीत होता, आणि त्याच्या नाकातोंडातले रक्त त्या जोडलेल्या हातांवरून मनगटाकडे ओघळत होते.

मग चाक उतरले. कुलपे उघडली.

तो बाहेर पडला तो चारी पायांवर. त्याच्या तीन फासळ्या मोडल्या होत्या, असे पुढे डॉक्टरांनी लिहिले. कशाने, हे लिहायची जागा त्यांनी कोरी सोडली.

ते दोघे चालत पोलीस चौकीकडे गेले. सीमाने त्यांना जाऊ दिले. मोडका हात छातीशी धरून, उजव्या हाताने तिने मीटर उचलला आणि सॉकेटात लावला.

साठ.

जे कोणी होते ते आता या गाडीत नव्हते.

अजिनाथने आपला जबाब त्याच संध्याकाळी चौकीच्या बाकड्यावर बसून दिला, आणि दोन दिवसांनी न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर, एकही शब्द न बदलता, पुन्हा दिला. दोन्ही वेळा तो बाकड्याच्या अगदी उजव्या कडेला बसला होता. कपाळाला पट्टी बांधलेल्या जमादार राधाकृष्ण यांनी आयुष्यात या एकाच कागदावर कोणाची भाषा दुरुस्त केली नाही. तो असा:

"मीच घातली गाडी. कचरूतात्या नगरला जाऊन बोलनार हुता म्हनून घातली. येकदा घातली तरी तो हलत हुता, म्हनून मागं घेतली, मंग परत पुढं घातली. तवा शेजारी बघितलं तर तात्या बसल्याला. खाली बी हुता आन् शेजारी बी हुता. वस्तीवर मी तार तोडली, तवाबी तो सीटवर बसून बघत हुता. आज मी गाडीतून उतारलो, तर माझ्यासंगं तो बी उतारला. आत्ता ह्या बाकड्यावर हाय. त्यानं पट्टा लावलाय. म्हनतोय, हां, आता चालव."