चौथ्या रांगेतली कडेची खुर्ची

आमच्या कामात एक कागद रोज भरावा लागे. प्रयोग किती वाजता सुरू झाला, किती मिनिटं चालला, कोण कुठे अडखळलं आणि मधूनच उठून किती प्रेक्षक गेले. एकोणतीस वर्षं मी लंडनच्या थिएटरांत विंगेत संहिता घेऊन बसले. असे कागद किती भरले त्याला गणती नाही. नाटककार कॉरिन थॅकवेल त्यातला फक्त शेवटचा आकडा वाचायचा.

त्याचं पहिलं नाटक आम्ही शहाण्णव साली कॅम्डनमध्ये, एका पबच्या माडीवर केलं. साठ लाल खुर्च्या, कुठल्या तरी बंद पडलेल्या सिनेमागृहातून आणलेल्या. माणूस उठलं की बैठक धप्पकन वर मिटे. खालून बिअरचा आणि तळलेल्या माशांचा वास यायचा. नाटकात एक मुलगा मेलेल्या बापाला आंघोळ घालता घालता त्याला शिव्या देतो. कॉरिन तेव्हा चोवीस वर्षांचा, ग्रिम्सबीच्या मासळी-गोदीवरच्या हमालाचा मुलगा, अंगात बारा महिने एकच स्वेटर. वर्तमानपत्रांनी नाटक बंद करा म्हणून लिहिलं. धप्प, धप्प सुरू झालं की तो माझ्या कानाशी मोजायचा.

"सव्वीस, विनी. अशाने मी लवकरच रिकाम्या हॉलपुढे गाजणार."

त्या सव्विसांत एक बाई रोज असे. हिरवा कोट, चौथ्या रांगेतली कडेची खुर्ची. एकेचाळिसाव्या मिनिटाला ती उठे. रागावून नाही, बसची वेळ झाल्यासारखी. दोन आठवड्यांनी मी तिकीटखिडकीवर सहज विचारलं. ती खुर्ची कधी विकलीच जात नव्हती, तिची बिजागरी मोडकी होती. दारावरच्या माणसाने हिरवा कोट पाहिलेला नव्हता.

कॉरिनला सांगितलं तेव्हा तो हसला. मग एकेचाळिसाव्या मिनिटाचं वाक्य त्याने कापलं. दुसऱ्या दिवशी ती बेचाळिसाव्या मिनिटाला उठली.

पुढच्या वीस वर्षांत त्याने राजघराण्यावर लिहिलं, बिशपांवर लिहिलं, त्याच्यावर खटले झाले, थिएटरं मोठी होत गेली. ती प्रत्येक ठिकाणी त्याच जागी असे. राजघराण्याच्या नाटकात ती एक तास नऊ मिनिटं बसली. तो सिनेमे लिहायला अमेरिकेत गेला. एका दुपारी तिकडून त्याचा फोन आला. म्हणाला, सिनेमालाही आली होती, शेवटची पाचच मिनिटं उरली असताना उठली.

समीक्षक म्हणत, थॅकवेल निवळला, त्याचे दात पडले. खरं काय ते मला ठाऊक होतं. एकेक बोचरं वाक्य काढून तो एका बाईला बसवू बघत होता.

"आई आहे का रे ती तुझी?" मी एकदा विचारलं.

"आई ग्रिम्सबीला टीव्हीसमोर आहे. तिने माझं एकही नाटक पाहिलेलं नाही. शहाणी आहे."

"मग कोण?"

"अजून शेवटपर्यंत न बसलेली एकच बाई," तो म्हणाला. या वेळी हसला नाही.

शेवटचं नाटक घेऊन तो परत लंडनला आला. आमच्याकडे जुनी रीत आहे, नाटकाचं शेवटचं वाक्य तालमीत म्हणायचं नाही. नट तिथे ट-ट-ट करून थांबतो. पहिल्या प्रयोगाला, भरल्या हॉलपुढे ते म्हटलं की मगच नाटक पुरं झालं असं मानतात. कॉरिनने ते वाक्य माझ्या संहितेच्या शेवटच्या पानावर पेन्सिलीने लिहिलं. हे ऐकून ती उठणार नाही, म्हणाला.

पहिल्या प्रयोगाच्या दिवशी दुपारी साडेतीनला आम्ही प्रकाशयोजना तपासत होतो. नट जेवायला गेलेले, हॉल रिकामा. दिव्यांवर डेझमंड होता. तो वैतागला होता.

"विनी, तुझ्या त्या ट-ट-टवर अंधार कसा करू मी? वाक्य लांब आहे का आखूड, ते तरी कळू दे. इथे ऐकायला आहे कोण?"

माझा चहा गार झाला होता आणि पाय दुखत होते. मी वाक्य मोठ्याने वाचलं.

"बस ना अजून थोडं."

डेझमंडने अंधार केला. त्या अंधारात चौथ्या रांगेत धप्प झालं.

संध्याकाळी हिरवा कोट आला नाही. प्रयोग संपला, लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते आणि कॉरिन त्या एका खुर्चीकडे बघत होता. मग तो विंगेत आला.

"विनी, ते वाक्य आधी कुणी म्हटलं का?"

"नाही," मी म्हटलं.

दुसऱ्या दिवसापासून त्या खुर्चीत तो स्वतः बसू लागला. सहा आठवडे बसला. अखेरच्या प्रयोगाला, शेवटच्या वाक्याच्या जरा आधी, तो उठलेला मी पाहिला. दारावरच्यांना तो दिसला नाही. नंतर कुणालाच दिसला नाही. पोलिसांनी माझा कागद नेला. त्यावर लिहिलं होतं : उठून गेले, एक.

याला सात वर्षं झाली. गेल्या महिन्यात काही तरुण मुलांनी त्याचं पहिलं नाटक पुन्हा केलं, त्याच माडीवर. मी दुपारच्या प्रयोगाला गेले. खुर्च्या अजून त्याच होत्या. मला तिसऱ्या रांगेतली कडेची मिळाली. बसण्याआधी मागे पाहिलं. खुर्ची रिकामी होती, बैठक वर.

सवयीने घड्याळ हातात धरलं होतं.

एकेचाळिसाव्या मिनिटाला माझ्या मागे कोट सावरल्याचा आवाज झाला.

मी वळले नाही. हळूच म्हटलं, "बस ना अजून थोडं."

आवाज थांबला.

टाळ्या झाल्या, लोक उठले, बैठका धपाधप वर गेल्या. मी बसूनच राहिले. झाडायला आलेली मुलगी रांगेरांगेतून माझ्या मागे आली. "ही एक मेली रोज वरच असते, आज खाली कशी," ती पुटपुटली आणि तळहाताने तिने बैठक वर लोटली.

बैठक अर्ध्यावर गेली, आणि कुणी सावकाश बसावं तशी पुन्हा खाली आली.