शेवटचा रकाना

"टीव्ही?"

"नाही."

"फ्रिज?"

"माठ हाये. पाणी देऊ?"

घाटंजीजवळच्या त्या तांड्यात माझी स्कूटी पंक्चर झाली नसती, तर मी त्या दारात थांबलेच नसते. एका कंपनीसाठी घरोघरी फॉर्म भरायचं काम करत होते. समोर इंद्रजीत उभा... हातात खुरपं, डोळ्यांत हसू. नागपुरातल्या शोरूमची नोकरी सोडून आलेला. कापसानं सगळ्यांना रडवलं त्या वर्षांत यानं पाकिटातलं बियाणं बंद करून ज्वारी, तूर, बरबटी म्हणजे चवळी लावलेली.

"येत्या वर्षात घरात काय आणणार? शेवटचा प्रश्न."

"इचार करून सांगतो. तुमी या पुन्हा."

आणि मी बावळट, दर रविवारी यवतमाळहून जात राहिले. पुण्याच्या मॉलमधली नोकरी पक्की झाली, बाबांनी पेढे वाटले, सोमवारी रुजू व्हायचं... तरी आदल्या दिवशी गेलेच.

त्याची याडी, म्हणजे आई, लालीबाई, त्याच्यासोबत शेतात होती. म्हटलं, आज आपल्या हातची उसळ खाऊ घालावी. गाडग्यात राखेनं माखलेली बरबटी सापडली. कसली घाण ठेवलीय, म्हणत तीनदा धुतली आणि कोमट पाण्यात भिजत घातली.

दुपारी दोघं आले. लालीबाई पातेल्याकडे बघतच राहिल्या.

"बाई, हे तं पुढच्या सालची पेरायची बिजवाई व्हय. कीड लागू नये म्हणून राख लावतो आपन."

मला रडूच आलं. "मी... मी दुकानातून आणून देते."

"दुकानात नाही भेटत. माह्या मायनं देल्ली होती."

इंद्रजीतनं पातेलं उचललं. "भिजली तं आता पेराच लागते, केतकी."

न्हाणीचं पाणी जातं तिथं आम्ही वाफा केला. एकाच खळग्यात दोघांची बोटं गेली, आणि कुणीच लवकर काढली नाहीत.

"पाणी कोन घालन?" त्यानं हळूच विचारलं.

"जिनं भिजवली, तिनं."

"अन् पुनं?"

पुण्यात पगार होता, हप्त्यावर मिळणारं सगळं होतं. इथं माझ्या नखांत माती होती, आणि मला खरंच कुठं जायचं नव्हतं. बाबा चिडतील. चिडू देत.

"पुण्याचं राहू द्या. तुमचा शेवटचा रकाना रिकामा आहे."

मी पिशवीतून काढलेल्या फॉर्मवर मातीच्या हातानं त्यानं लिहिलं – केतकीले.

"मी काय फ्रिज आहे, आणायला?"

त्याचा चेहरा पडला. मी पेन ओढून घेतलं, ते खोडलं आणि खाली लिहिलं –

'केतकी येणार आहे. तिच्या पायांनी.'