पेल्यातला अंगठा

खोटं वाटलं तर वाटू दे. पण हे माझ्या सख्ख्या भावाचं आहे, आणि मी तिथेच होते.

अमेरिकेतल्या मोंटानात, मरायस नदीकाठी. १८७३ चा जानेवारी. रात्र नव्हती... भर दुपार होती.

आमच्या दारूच्या ठाण्याला भिंतीत एक भोक होतं. बाहेरून गव्याचं कातडं आत यायचं, आतून व्हिस्कीचा पेला बाहेर जायचा. पेला भरताना माझा भाऊ एमॉस अंगठा आत बुडवायचा. तेवढीच दारू कमी. पिपात नदीचं पाणी, तंबाखू, लाल मिरची घालून मी ढवळायचे.

त्याच्या तीन दिवस आधी पिगन या तिथल्या आदिवासी जमातीतली सिनोपाकी म्हातारी भोकाशी आली होती.

"आज माझ्या पोरांना देऊ नकोस रे. वादळ येतंय. वाटेत पडतील."

"मग पाठीवर घेऊन जा, म्हातारे!" एमॉस खिदळला.

मीही हसले.

दोन्ही मुलगे छावणीच्या वाटेवर गोठून मेले. शोधायला गेलेली तीही.

त्या दुपारी मात्र उबदार वारा सुटला होता. छपरावरचं बर्फ टपटप गळत होतं.

"एमॉस, चल ना इथून. मी गाडी जुंपते."

"एवढं पीप संपू दे, लॅवी. भित्री कुठली!"

टक्... टक्...

कातडं आत आलं. फळीसारखं ताठ. वर बर्फाचा थर.

मी फटीतून पाहिलं.

चिखल. नुसता चिखल. एकही पाऊल नाही...

"नको देऊस!"

पण हात बाहेर गेला होता.

एमॉस हसायचा थांबला.

"लॅवी... कुणीतरी अंगठा धरलाय. गार आहे गं... फार गार."

मी कंबरेला धरून ओढलं. बाहेर कुणीतरी हळू गात होतं. शब्द कळेनात. पण पोर निजवायची चाल कुठल्याही भाषेत कळते.

हात सुटला. पेला तळापर्यंत गोठला होता. अंगठा त्यातच रुतलेला... काळा.

त्याच दिवशी आम्ही निघालो. डॉक्टरांनी अंगठा काढला. गारठा तिथेच थांबेल, म्हणाले.

आज जुलै आहे. एमॉसला उन्हात बसवलंय. दाढीवर बर्फ धरतं. मी पुसते. पुन्हा धरतं.

"झोपू दे ना, लॅवी," तो विनवतो. "किती गोड गातेय ती..."

मी त्याला हलवते, जागं ठेवते. सहा महिने झाले.

काल पहिल्यांदा ती चाल मलाही ऐकू आली.

ऊन डोक्यावर आहे... आणि माझ्या पापण्या जड होताहेत.