पुदिना मागायला गेले

"ती जुडी शिळी आहे," मागून कोणीतरी म्हणालं.

अमेरिकेत, डिअरबॉर्नमधल्या एका अरबी दुकानात मी पुदिना हुंगत उभी होते. वळून पाहिलं — पावसात भिजलेले केस, खांद्यावरून ओघळणारं पाणी, आणि डोळे... जाऊ दे. नाव सामेर, घर मूळचं लेबनॉनचं. "आमच्या दारात पुदिना नुसता माजलाय. आईला विचारून आणून देतो."

२००४चा तो अख्खा उन्हाळा सामेर पुदिना आणायचं विसरत राहिला, आणि मी आठवण करून द्यायला त्याला भेटत राहिले. कळायचं ते दोघांनाही कळत होतं, पण बोलणार कोण? ऑक्टोबरात मला, जवळच मी राहत होते ते ट्रॉय सोडून, पार पश्चिम किनाऱ्याकडे बॉथेलला नोकरी लागली. तरी साहेब गप्पच. म्हटलं, निदान पुदिना तरी न्यावा. निरोप घ्यायला त्याच्या घरी गेले.

त्याच्या आईला सगळे 'उम् सामेर' म्हणत, म्हणजे सामेरची आई. बाईला स्वतःचं नाव नाही, म्हणून मी आधी चिडले होते. मग कळलं, तिच्या नवऱ्यालाही सगळे 'अबू सामेर'च म्हणतात, आणि तो बिचारा सोफासुद्धा बायकोला विचारून हलवतो.

त्या दिवशी सामेरच्या मावशीही आल्या होत्या. उम् सामेरनी इवल्याशा कपात वेलचीची कॉफी दिली. मी कप टेबलावर ठेवला.

"काकू, मला तुमच्याकडे एक गोष्ट मागायचीय. दिलंत तरच कॉफी पिईन."

गंमत म्हणून म्हटलं हो!

मावशींच्या हातातली बकलाव्याची वडी ताटलीत पडली. सामेर आधी पांढरा पडला, मग लालबुंद झाला.

"उल्का," तो कुजबुजला, "आमच्याकडे मुलाकडचे मुलगी मागायला येतात ना, तेव्हा कप असाच खाली ठेवतात. होकार मिळेपर्यंत पीत नाहीत. तू... तू मला ऑफिशियली मागणी घातलीयस."

माझ्या तोंडचं पाणी पळालं. पुदिन्याचा पार ध चा मा झाला होता.

"आमच्या घराण्यात कुठल्या मुलीनं हे केलं नाही," मावशी पुटपुटल्या.

उम् सामेरनी हात वर केला. "बोल मुली. काय हवंय?"

पुदिना... शब्द अगदी ओठांवर होता. म्हटलं असतं, तर सगळे हसले असते आणि मी जुडी घेऊन निमूट बॉथेलला गेले असते. मी सामेरकडे पाहिलं. तो श्वास रोखून बसला होता.

"सामेर," मी म्हटलं.

"तुझ्या आईला माहीत आहे?" उम् सामेरनी मला विचारलं.

"नाही... मलाच आत्ता कळलं."

त्या लेकाकडे वळल्या. "आणि तू?"

"मी बॉथेलला जॉबसाठी अप्लाय केलंय," तो खाली मान घालून म्हणाला.

आता धक्का बसायची पाळी माझी, आणि त्यांचीही.

"कोणालाही न सांगता?" उम् सामेरनी कपाळाला हात लावला. "ही पोरगी असून बोलली, आणि हा बघा." मग कप माझ्याकडे सरकवला. "पी. गार होतेय. याच्या बापाला मी सांगेन."

कॉफी भयंकर कडू होती. मी थेंबही ठेवला नाही.

गाडीपर्यंत सोडायला आला तेव्हा सामेरनं विचारलं, "खरं सांग — काय मागणार होतीस?"

"पुदिना."

तो माझ्याकडे बघतच राहिला. "आईला हे कधीच सांगू नकोस," म्हणाला. मग वाकून दारातलं एक रोप मुळासकट उपटलं आणि माझ्या हातात दिलं.