रशियाला पाठवायचा शेवट

माल्तेची नि माझी पहिली भेट एका मरणाच्या प्रसंगात झाली. मरत होती ती नटी. मी फक्त मावशीच्या दुकानातली टोपी पोचवायला गेले होते, आणि कोपनहेगनबाहेरच्या मूकपटांच्या त्या काचेच्या स्टुडिओत भलताच दरवाजा उघडून, हातात खोकं घेऊन, थेट कॅमेऱ्यासमोर जाऊन उभी राहिले.

"थांबू नका," कॅमेऱ्यामागून एक आवाज आला. "मुलगी आलीच आहे तर रडू दे तिला."

"अहो, मी टोपी द्यायला आलेय."

"ऐकू कुणाला येतंय? तेच रडत सांगा."

मला इतकं हसू आलं, की मी तोंड हातांनी झाकलं. पडद्यावर ते हुंदके वाटले म्हणे. पुढच्याच आठवड्यात माल्ते क्रोग मावशीच्या दुकानात आला, डोक्याला न बसणारी एक टोपी विकत घेतली आणि मला कामावर बोलावून गेला.

गोष्टी लिहायचा तोच, चित्रपट बसवायचा तोच. पण आमचा खरा मालक सूर्य. काचेच्या छतावर ऊन आलं की काम, ढग आले की सगळे बसून. माल्ते मात्र बसायचा नाही. चुलीवर दूध ठेवून आल्यासारखा येरझाऱ्या घालायचा, खिशातल्या ज्येष्ठमधाच्या गोळ्या चघळायचा.

"फ्रोकेन दाग्नी, ढग हलवता येतात का तुम्हाला?" फ्रोकेन म्हणजे कुमारी; मला तो अशीच अदबीनं हाक मारायचा.

"टोप्या हलवता येतात. ढगांचं कुणी शिकवलं नाही."

"मग इथं बसा. तुम्ही बसलात की... राहिले ढग तरी चालतील."

एवढं बोलून तो लगेच वर बघायचा, जणू बोलणारा दुसराच कुणी होता. आणि मी दिवसभर त्या अर्ध्या वाक्याभोवती फिरत राहायची. घरी मावशी विचारायची, "पायाला चाकं लागलीत का गं?"

आमच्या प्रत्येक गोष्टीला दोन शेवट असत. एक घरच्या लोकांसाठी — मिठी, फुलं, आनंदीआनंद. दुसरा रशियासाठी. तिकडच्या लोकांना रडल्याशिवाय तिकिटाचे पैसे वसूल झाले असं वाटत नाही म्हणे. माल्ते रशियाचा शेवट जीव ओतून घ्यायचा. मिठी मात्र अशी उरकायचा, की फुलंसुद्धा सरळ धरायला वेळ मिळू नये.

"तुमच्या मिठीला नेहमी घाई का असते?" मी एकदा विचारलं.

"निरोप मी पाहिलेत, फ्रोकेन. ते दुसरं... ऐकून लिहितो."

"मग पाहा की कधीतरी."

त्यानं माझ्याकडे पाहिलं. नेमकं तेव्हाच ऊन आलं, आणि तो कॅमेऱ्याकडे पळाला. त्या उन्हाचा मला इतका राग कधीच आला नव्हता.

वसंतात त्याला बर्लिनच्या एका स्टुडिओतून बोलावणं आलं. हे मला सांगितलं कॅमेरावाल्या म्हाताऱ्या सोफुसनं. "शनिवारी जातोय. तुला बोलला नाही?" नव्हता बोलला. मला वाईट वाटलं आणि संतापही आला, आणि दोन्हींतलं जास्त काय, ते कळेना.

जाण्यापूर्वीच्या शेवटच्या चित्रपटात त्यानं मला नायिका केलं. खलाशाची वाग्दत्त वधू. खलाशी होता रिसगोर, नाटकातला मोठा नट. आवाज कुणाला ऐकू जात नाही म्हणून हा माणूस प्रेमाच्या प्रसंगात वाटेल ते बोलायचा. मी पडद्यावर लाजून खाली बघते ना, तेव्हा तो "माझी दाढ फार ठणकतेय गं" म्हणत होता.

शुक्रवारी सकाळी रशियाचा शेवट घेतला. रंगवलेल्या समुद्रापुढून मी पाठ फिरवून निघाले, आणि खरंच रडले. माल्ते "छान" एवढंच म्हणाला.

मग ढग आले, ते जाईनात. दुपार कलली तसा रिसगोरनं कोट उतरवला आणि नाटकाच्या प्रयोगाला निघून गेला. तो गेला आणि लख्ख ऊन पडलं.

"नट नाही, मिठी बाकी, उद्या तुम्ही नाही, साहेब," सोफुस माल्तेला म्हणाला. "तुमची उंची तेवढीच आहे. कोट घाला, पाठ माझ्याकडे करा."

"मी? मला नाही जमायचं."

"गाडी सुटेल उन्हाची."

माल्तेनं कोट चढवला. बाह्या आखूड होत्या. तो माझ्यापुढे आला, आणि सोफुसनं कॅमेऱ्याचा दांडा फिरवायला सुरुवात केली.

"काय बोलायचं असतं?" तो पुटपुटला.

"काहीही. ऐकू कुणाला येतंय?"

हात कुठे ठेवावेत तेही त्याला समजेना. मग मीच त्याचा कोट धरला.

"मी बोलते. बर्लिनचं मला सोफुसकडून कळावं? मी तुझी कुणीच नाही का रे?" अरे-तुरे कधी आलं, मलाही कळलं नाही. "माझं प्रेम आहे तुझ्यावर. आता जा कुठे जायचं ते."

"दाग्नी... तुला सांगितलं असतं तर पाय निघाला नसता."

"मग मला ने."

"येशील? मावशी?"

"टोपी डोक्याला बसत नसताना घेतलीस, तेव्हाच ती ओळखून आहे."

तो हसला. मग त्यानं मिठी मारली. ज्येष्ठमधाचा वास आला. या वेळी त्याला कसलीही घाई नव्हती. 'थांबा' म्हणायचं काम त्याचं, आणि तो म्हणेना. सोफुस बिचारा दांडा फिरवतच राहिला.

"साहेब," शेवटी तो खाकरला, "फिल्म संपली कधीच."

माल्तेनं मला सोडलं नाही.

"आणि सकाळचा तो निरोप?" मी त्याच्या खांद्यात तोंड खुपसून विचारलं. "त्याचं काय करायचं?"

"तो रशियाला पाठवू," माल्ते म्हणाला.