शेवटच्या प्रयोगासाठी राखून ठेवलेलं

फ्रॉकची दुमड उसवली होती, ती शिवून फ्रॉक पोचता करायचा, एवढंच काम होतं. शिवणबाईंनी दुपारी मशीनवर टाके मारले, फ्रॉक पिशवीत घातला आणि लेकीच्या नाटकाला निघाल्या. शिवणबाई हे काही त्यांचं नाव नव्हे, पण गल्ली त्यांना तेच म्हणायची आणि त्याही निमूट ओ द्यायच्या.

नाटकाची जागा म्हणजे सायकल दुरुस्तीच्या दुकानावरचा लांबट हॉल. प्रायोगिक मंडळींना मोठं थिएटर परवडत नाही, आणि परवडलं तरी भरत नाही. खिडक्यांना काळे पडदे, खालून येणारा रबराचा आणि वंगणाचा वास, आणि भर दुपारी डोळ्यांत बोट घातलं तरी दिसणार नाही असा अंधार.

नाटक लेकीनंच लिहिलेलं, कामही तिचं एकटीचं. लहानपण मागे टाकून निघालेली एक बाई. रंगमंचावर फक्त एक लाकडी पेटी. फ्रॉक हातात घेऊन लहानपणची एक आठवण सांगायची, फ्रॉक पेटीत ठेवायचा आणि झाकण लावायचं. दिग्दर्शकाचा नियम असा, की आठवण खरीच हवी आणि एकदा सांगितलेली पुन्हा सांगायची नाही. "पाठ केलेलं नकोय मला," दाढी कुरवाळत तो म्हणाला होता. शिवणबाईंना तेव्हा हसू आलं होतं.

ते हसू फार टिकलं नाही. एका प्रयोगात लेकीनं झाडावरून पडल्याचा किस्सा सांगितला. दुसऱ्या दिवशी आंघोळ करून आली आणि गुडघ्यावरच्या व्रणावर बोट ठेवून म्हणाली, "आई, हे कधी लागलं गं मला?" बाईंना वाटलं, चेष्टा करतेय. मग तिच्या आठवणीतून शाळा गेली, शेजारची मैत्रीण गेली. एका प्रयोगात ती वारलेल्या बाबांच्या आवाजाबद्दल बोलली, आणि त्या रात्री जेवताना तिनं सहज विचारलं, "बाबा कसे बोलायचे गं?" बाईंनी हातातला घास ताटात ठेवला.

"बंद कर हे नाटक," त्या म्हणाल्या.

"अगं, किती हलकं वाटतं मला. आणि आता एकच प्रयोग उरलाय."

"त्यात काय सांगणारेस?"

लेकीनं ताट बाजूला सारलं. "तुला ठेवलंय... शेवटी."

म्हणूनच आज टाके सवयीनं मारले असले तरी बाईंनी मनाशी पक्कं केलं होतं, की फ्रॉक काही द्यायचा नाही. फ्रॉक नाही तर प्रयोग नाही. बसेनात का चिडून सगळे.

जिना चढून त्या आत शिरल्या तेव्हा प्रयोग सुरू झाला होता. लेक उजेडात उभी होती आणि तिच्या हातात फ्रॉक होता. दुमडीवर बाईंनी घातलेला नवा दोरा पांढरा चमकत होता. बाईंनी पिशवीत हात घातला. पिशवी रिकामी होती.

"गर्दीत आईचा हात सुटला," लेक सांगत होती. "चहूकडे पायच पाय. मी रडले नाही. ती येणार, हे मला ठाऊक होतं. आली ती, एक चप्पल कुठंतरी टाकून. ओरडली नाही, मारलं नाही. नुसती मला पोटाशी धरून रस्त्यातच खाली बसली."

बाई ताडकन उभ्या राहिल्या. "भिंगरी... नको गं." भिंगरी हे लेकीचं घरातलं नाव, घराबाहेर कुणाला माहीत नसलेलं.

माना वळल्या. कुणीतरी दबक्या आवाजात वा म्हटलं. प्रेक्षकांना हे नाटकातलंच वाटलं. लेकीनं भरल्या डोळ्यांनी आईकडे पाहिलं. मग तिनं झाकण लावलं.

टाळ्या संपल्यावर बाई पडद्यामागे गेल्या. लेक तोंड पुसत होती.

"काकू, बाहेरचा जिना त्या बाजूला आहे," ती अदबीनं म्हणाली. "आवडलं का नाटक?"

बाईंनी तिचा चेहरा निरखून पाहिला. त्यात कुठंही सोंग नव्हतं. पोटच्या पोरीला आपली ओळख कशी करून द्यायची, हे कुणी शिकवलेलं नसतं.

"आवडलं," त्या म्हणाल्या.

परतताना हॉल रिकामा झाला होता. पेटीत काहीतरी हललं. उंदीर असेल म्हणून त्या पुढे गेल्या, तर आतून फळीवर नख ओढल्याचा आवाज आला... थांबून थांबून, दमल्यासारखा. दुसऱ्या कुणीही धूम ठोकली असती. बाईंनी झाकण उचललं. आत तळ दिसत नव्हता. तापातून उठलेल्या पोराच्या केसांना येतो तसा ओला, कोमट वास आला. बाईंनी आत हात घातला, आणि तो कुणीतरी इवल्या बोटांनी धरला.

रस्त्यावर चांगलं ऊन होतं. बाईंनी खाली पाहिलं नाही. समोरून येणारे लोक दोघींना पुरेल एवढी वाट देत होते.

"आई," खालून आवाज आला, "नाटकातल्या त्या बाई कोण गं? मला बघूनच झाकण लावलं त्यांनी."

बाई उत्तर द्यायला थांबल्या. त्यांनी नाटकातल्या त्या बाईंचा चेहरा आठवायचा प्रयत्न केला. बोलणं अदबीचं होतं, एवढंच आठवलं.

"असतील कुणीतरी," त्या म्हणाल्या, आणि हे बोलताना त्यांना जराही वाईट वाटलं नाही.