खडूच्या रेघा

बसा. तुमच्या शर्टाची काजं-बटणं होईपर्यंत सांगते, पण मध्येच हसायचं नाही.

युद्ध थांबलं आणि आठवड्यात मी दुकान उघडलं. भिंतीला भोक पडलेलं, पण मशीन शाबूत होतं. सासूबाईंचं आणि माझं पोट त्याच्यावरच. ते बंद पडलं की पुन्हा छावणीचा तंबू, आणि तिथे मेले तरी परत जाणार नव्हते. हे बेपत्ता. पूर्वी हे मापं घेऊन खडूने खुणा करायचे, मी शिवायची. सासूबाई रोज ह्यांचं ताट वाढून ठेवायच्या.

कपाटात जुन्या गिऱ्हाइकांचे सहा अर्धवट कोट पडून होते. एका सकाळी कुलूप काढलं तर पहिल्या कोटावर ताज्या खुणा. डावी बाही कोपरापाशी कापायची. सगळीकडे ओल्या मातीचा वास.

समोरचे घड्याळवाले काका कुजबुजले, "हा कोट ज्याचा, त्याचा डावा हात युद्धात तुटला होता... मग तो माणूसही गेला. जाळून टाक कोट. दुकान सोड, पोरी."

"वा! कापड काय झाडाला लागतं? आणि काका, जिवंत गिऱ्हाइकं तरी कधी वेळेवर यायची?"

बाही कापली, टीप मारली, कोट दारामागे टांगला. दुसऱ्या दिवशी तो कोट नव्हता, आणि पुढच्यावर खुणा होत्या.

प्रत्येक रेघेच्या शेवटी बारीक आकडी. पहिल्याच दिवशी ओळखली होती मी, फक्त मनाला कबूल करवत नव्हतं. तिसऱ्या कोटावर सासूबाईंनी बोट फिरवलं.

"माझ्या लेकाचा हात आहे गं हा..."

दोघी पोटभर रडलो. त्या दिवशी ताट वाढलं नाही. मग मी रिकाम्या दुकानाला ठणकावून सांगितलं, "येतच आहात तर काम करा. खडू खणात आहे!"

काल सहावा कोट गेला. कपाट रिकामं झालं. आज सकाळी खुंटीवरच्या माझ्याच कोटावर खुणा. कंबर दोन बोटं आत. माप अचूक. युद्धात मी किती वाळले, ते ह्यांनी पाहिलेलंसुद्धा नाही... आणि युद्धानंतर ह्यांनी गेलेल्यांचीच मापं घेतलीत.

ब्रशने खसाखसा पुसल्या. म्हटलं, "मला घाई नाही. म्हातारी आहे, दुकान आहे. थांबा तुम्ही!" आणि तोच कोट अंगात घातला.

हं, झालं तुमचं शेवटचं बटण. जाता जाता जरा माझी पाठ बघा... रेघ दिसतेय?

मग तो ब्रश द्या इकडे.